पुरस्काराचा फोटो काढून झाला, आता मुलाला शाळेत परत कोण आणणार?

२३ सप्टेंबर २०२५ रोजी दिल्लीच्या विज्ञान भवनात ७१वे राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार दिले गेले. ‘नाळ २’ मधली त्रिशा ठोसर ही चिमुरडी साडी नेसून राष्ट्रपतींसमोर गेली आणि सगळं सभागृह टाळ्या वाजवत राहिलं. त्या वर्षी बालकलाकाराचा पुरस्कार पाच मुलांना विभागून मिळाला. त्यातली चार मुलं मराठी सिनेमांतली होती. ‘नाळ २’ साठी त्रिशा, श्रीनिवास पोकळे आणि भार्गव जगताप, तर ‘जिप्सी’ साठी कबीर खंदारे. आमच्या शिक्षकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर तो व्हिडिओ आठवडाभर फिरत होता. मराठी शिकवणारा माणूस म्हणून मलाही अभिमान वाटला. नाही कशाला म्हणू?

पण तो व्हिडिओ बघताना मला माझ्या वर्गातला एक मुलगा आठवत होता. त्याला कुठलाही पुरस्कार मिळाला नाही. त्याची बालचित्रपटातली कारकीर्द अकरा दिवसांची आणि कार्टूनमधली एका दुपारची. त्याच्याबद्दल लिहायचं मी सात वर्षं टाळत आलो, कारण त्या गोष्टीत मीसुद्धा गुन्हेगार आहे.

अकरा दिवसांचा हीरो

२०१८ च्या हिवाळ्यातली गोष्ट. मुलगा सहावीत होता. नाव लिहीत नाही, ते त्याचं आहे. वडील यंत्रमागावर कामाला, आई घरी विड्या वळायची. सोलापुरात अशी हजारो घरं आहेत आणि आमच्या शाळेतली निम्मी मुलं अशाच घरांतून येतात. हा पोरगा नकला करण्यात उस्ताद. माझी नक्कल करायचा, मुख्याध्यापकांची करायचा, आणि कार्टूनमधले सगळे आवाज काढायचा. मोटू, पतलू, छोटा भीम, डोरेमॉन. मधल्या सुट्टीत त्याच्याभोवती घोळका असायचा.

शहराबाहेर एका बालचित्रपटाचं शूटिंग होणार होतं. त्यांची माणसं शाळेत आली, मुलं बघितली आणि याला निवडलं. नायकाच्या मित्राचं काम. आवाज ऐकून त्यातला एकजण म्हणाला, ‘याला आपण कार्टूनच्या डबिंगलाही घेऊ.’ आईवडिलांची एका कागदावर सही घेतली. कागदावर काय होतं, ते त्यांना वाचता आलं नाही आणि मी वाचून दाखवलं नाही. शाळेचं नाव होणार म्हणून आम्ही सगळे खूश होतो. मुलगा अकरा दिवस शूटिंगला गेला. त्या अकरा दिवसांत मी हजेरीपटावर त्याला ‘हजर’ दाखवलं. नंतर एका दुपारी त्याला एका खोलीत बसवून आवाज रेकॉर्ड केले. तो परत आला तेव्हा घटक चाचणी होऊन गेली होती, अपूर्णांक शिकवून झाले होते, आणि वर्गात त्याचं नाव ‘हीरो’ पडलं होतं.

पुढचं सांगायला फार वेळ लागत नाही. सिनेमा सोलापूरच्या कुठल्याही थिएटरला लागला नाही. कार्टूनसाठी बोलावणं आलं नाही. जो फोन नंबर दिला होता तो काही महिन्यांनी बंद झाला. मुलगा मात्र वाट बघत राहिला. अभ्यासाबद्दल बोललो की म्हणायचा, ‘सर, वो लोगां बुलाने वाले हैं.’ मग लॉकडाऊन आला. घरात एकच मोबाइल, तोही वडिलांकडे. शाळा उघडली तेव्हा तो आला नाही. आज तो होटगी रोडवरच्या एका गॅरेजमध्ये गाड्या दुरुस्त करतो.

मध्यंतरी माझी गाडी तिथे नेली होती. हातात पाना धरून तो हसला आणि म्हणाला, ‘सर, अब्बी आते मेरेकू सब आवाजां. सुनाऊं क्या?’ त्याने आवाज काढला. हुबेहूब. गॅरेजमधली पोरं हसली. मी पैसे दिले आणि घरी आलो.

गॅरेजचं काम हलकं आहे असं मला म्हणायचं नाही. हाताला कला असलेला मेकॅनिक माझ्यासारख्या बीएड झालेल्या माणसापेक्षा कधीकधी जास्त कमावतो. प्रश्न असा आहे की ते काम त्याने निवडलं होतं का? की बाकी सगळे दरवाजे बंद झाले म्हणून तो तिथे पोहोचला?

नशिबाला दोष देणं सोपं

अशी गोष्ट सांगितली की लोक म्हणतात, ‘नशीब एकेकाचं.’ मी हे मान्य करायला तयार नाही. कारण ही गोष्ट एका मुलाची नाही. तिला जुना इतिहास आहे आणि त्यात आपल्या माणसांची नावं वारंवार येतात.

१९८८ साली मीरा नायर यांचा ‘सलाम बॉम्बे’ आला. मुंबईच्या रस्त्यांवर राहणाऱ्या मुलांना गोळा करून कार्यशाळा घेतली गेली आणि त्यातून कलाकार निवडले गेले. कृष्णा ऊर्फ चायपाव या मुख्य भूमिकेसाठी शफीक सय्यदची निवड झाली. बंगळुरूहून पळून मुंबईत आलेला, रस्त्यावर दिवस काढणारा हा मुलगा. सिनेमातला कृष्णा घरी परतण्यासाठी पाचशे रुपये जमवायला धडपडतो. कान महोत्सवात सिनेमाला पहिल्या चित्रपटासाठीचा कॅमेरा द’ओर सन्मान मिळाला, ऑस्करसाठी नामांकन मिळालं, आणि शफीकला सर्वोत्कृष्ट बालकलाकाराचा राष्ट्रीय पुरस्कार. पुढे गौतम घोष यांच्या ‘पतंग’ मध्ये तो दिसला. तिथे कारकीर्द थांबली. शफीक सय्यद बंगळुरूला परतले आणि रिक्षा चालवू लागले. राष्ट्रीय पुरस्कारविजेता रिक्षावाला म्हणून अधूनमधून वर्तमानपत्रं त्यांचे फोटो छापत राहिली.

आता याच्या शेजारी दुसरं नाव ठेवू. १९५३ साली आचार्य अत्र्यांचा ‘श्यामची आई’ आला. राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळवणारा तो पहिला चित्रपट. त्यातला श्याम म्हणजे माधव वझे. घराघरात पोहोचलेला चेहरा. त्यांचीही बालकलाकार म्हणून कारकीर्द लहानच राहिली. पण त्यांच्याबद्दल कुणी हळहळलं नाही, कारण हळहळण्यासारखं काही नव्हतं. ते शिकले, पुण्याच्या वाडिया कॉलेजात इंग्रजीचे प्राध्यापक झाले, नाटकं बसवली, नाट्यसमीक्षा लिहिली. २०२५ मध्ये त्यांचं निधन झालं तेव्हा श्याम गेला म्हणून बातम्या आल्या, तसाच एक जाणकार रंगकर्मी गेला म्हणूनही आल्या.

दोघांची बालपणीची कारकीर्द लहानच, दोघांचाही गौरव झाला. मग फरक कुठे पडला? एकाला सिनेमा संपल्यावर परत जायला शाळा होती. दुसऱ्याला परत जायला रस्ता होता. लहान मुलाची अभिनयातली कारकीर्द लहान असणं यात काहीच वाईट नाही. मूल वाढतं, आवाज फुटतो, चेहरा बदलतो, भूमिका संपते. हे होणारच. वाईट हे आहे की आपण मुलाच्या हातातून पाटी काढून घेतो, तिथे बाहुली देतो आणि चार दिवसांनी बाहुलीही काढून घेतो.

गरिबी हीच भूमिका

आणखी एक गोष्ट माझ्या मनात सलते. गरीब घरातल्या मुलाला जेव्हा सिनेमात घेतात तेव्हा बहुतेक वेळा त्याला त्याच्याच गरिबीचं काम देतात. १९५४ च्या ‘बूट पॉलिश’ मधली भीक मागणारी, बूट पुसणारी दोन भावंडं आठवा. पडद्यावरचं नाव बेबी नाझ, खरं नाव सलमा बेग. भावाचं काम करणारा रतन कुमार, खरं नाव नझीर अली रिझवी. कान महोत्सवाने नाझच्या अभिनयाची खास दखल घेतली. रतन कुमार पुढे पाकिस्तानात गेले. नाझ यांनी मोठेपणी दुय्यम भूमिका केल्या, आणि श्रीदेवी हिंदीत नव्या होत्या तेव्हा त्यांच्यासाठी आवाज दिला. बालपणी जिचा चेहरा जगाने पाहिला, तिचा नंतर फक्त आवाज उरला, तोही दुसऱ्याच्या चेहऱ्यावर.

२००८ चा ‘स्लमडॉग मिलेनियर’ तर सगळ्यांना आठवत असेल. फेब्रुवारी २००९ मध्ये त्याला आठ ऑस्कर मिळाले. लहानपणीचा सलीम झालेला अझहरुद्दीन इस्माईल आणि लहानपणीची लतिका झालेली रुबिना अली वांद्र्याच्या गरीब नगर झोपडपट्टीत राहत होते. दोघंही लॉस एंजेलिसला जाऊन आले. तीनच महिन्यांनी, मे २००९ मध्ये, महापालिकेने अझहरुद्दीनचं झोपडं पाडलं. २०११ मध्ये गरीब नगरला आग लागली, त्यात रुबिनाचं घर जळालं. निर्मात्यांच्या बाजूने हेही सांगितलं पाहिजे की त्यांनी या मुलांसाठी ‘जय हो’ नावाचा ट्रस्ट केला, शाळेची सोय केली, शिक्षण चालू ठेवण्याची अट घातली, घरासाठी पैसे दिले. ‘सलाम बॉम्बे’ मधूनही सलाम बालक ट्रस्ट उभा राहिला आणि आजपर्यंत असंख्य मुलांना त्याने आधार दिला. ही कामं मोठी आहेत, मी त्यांना नावं ठेवणार नाही. पण ट्रस्ट ही मेहेरबानी असते. कष्ट केलेल्या मुलाचा त्या कामावर हक्क असतो. हक्काच्या जागी मेहेरबानी आली की मुलाने आयुष्यभर आभार मानत राहायचं, असा त्याचा अर्थ होतो.

आपला सोलापूर जिल्हा यात मागे नाही. करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे नागराज मंजुळे यांनी २०१३ मध्ये ‘फँड्री’ केला. गावात हलगी वाजवणारा सोमनाथ अवघडे त्यात जब्या झाला आणि त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. २०१४ मध्ये पंढरपूरच्या गल्लीबोळांत घडणारा ‘एलिझाबेथ एकादशी’ आला, त्याला सर्वोत्कृष्ट बालचित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. २०१६ मध्ये ‘सैराट’. मंजुळे यांनी जिथे कुणी कॅमेरा नेला नाही तिथे नेला, ज्या जातीतल्या मुलांना कुणी नायक केलं नाही त्यांना नायक केलं, याबद्दल त्यांचं ऋण मानावं तेवढं थोडं. पण जब्याला राष्ट्रीय पुरस्कार देणाऱ्या मराठी सिनेसृष्टीने सोमनाथसाठी पुढे किती भूमिका लिहिल्या? ‘फ्री हिट दणका’ मध्ये तो नायक म्हणून दिसला ते साल होतं २०२१. मधली वर्षं गेली कुठे? दगड भिरकावणाऱ्या पोरावर टाळ्या पडल्या, पण तो पोरगा मोठा होऊन प्रेम करेल, नोकरी शोधेल, चुका करेल, अशी गोष्ट कुणाला सुचली नाही.

आणि जिला यश मिळालं तिचं काय झालं? अकलूजची रिंकू राजगुरू ‘सैराट’ नंतर घराबाहेर पडली की गर्दी जमायची. तिने नियमित शाळा सोडून दहावीची परीक्षा बाहेरून दिली. तिच्या पाठीशी शिकलेलं घर होतं, तिने दहावी केली, बारावी केली, कामही मिळत राहिलं. पण लक्षात घ्या, यशस्वी झालेल्या मुलीचीसुद्धा शाळा सुटली. मग माझ्या विडी कामगाराच्या पोराचं काय घेऊन बसलात?

कार्टूनचं मूल कधीच वाढत नाही

या गोष्टीला नवा पदर जोडला तो कार्टूनने. मी शाळेत होतो तेव्हा सरकारच्या बालचित्रपट संस्थेचे सिनेमे बघायला आम्हाला रांगेने थिएटरला नेत. १९५५ मध्ये स्थापन झालेली ही संस्था २०२२ मध्ये एनएफडीसीत विलीन झाली. फक्त मुलांसाठी असलेलं सरकारी घर बंद झालं आणि फारसं कुणाला कळलंही नाही. आजच्या मुलांचा सिनेमा म्हणजे मोबाइलवरचं कार्टून.

छोटा भीम २००८ पासून चालू आहे आणि अजून नऊ वर्षांचाच आहे. निर्मात्याला यापेक्षा सोयीचं मूल कुठून मिळणार? त्याला भूक लागत नाही, झोप येत नाही, मिसरूड फुटत नाही, त्याचे आईबाप पैसे मागत नाहीत. त्याचा आवाजसुद्धा अनेकदा मोठ्या माणसाचा असतो. छोटा भीम आणि हिंदी डोरेमॉन या दोघांना सोनल कौशल यांनी आवाज दिला आहे. मुलाचा आवाज वर्षा-दोन वर्षांत बदलतो आणि मालिका वीस वर्षं चालते, म्हणून कसलेल्या प्रौढ कलाकाराकडे हे काम जातं. ही धंद्याची रीत आहे आणि मुलांना राबवण्यापेक्षा ती कितीतरी बरी. पण मग अकरा वर्षांच्या पोराला ‘तुला कार्टूनमध्ये घेऊ’ असं सांगणाऱ्याला हे माहीत नव्हतं का? मला माहीत नव्हतं. त्याला नक्की माहीत असणार. त्या वाक्यावर एका मुलाने तीन वर्षं काढली.

कायदा आहे, विचारणारा नाही

माझ्या गुन्ह्याचा दुसरा भाग आता सांगतो. मुलगा शूटिंगला गेला तेव्हा कायदा अस्तित्वात होता. मी तो वाचला नव्हता.

२०१६ मध्ये बालकामगार कायद्यात दुरुस्ती झाली. १४ वर्षांखालच्या मुलाला कामावर ठेवायला बंदी आली, पण सिनेमा, मालिका, जाहिरातींत कलाकार म्हणून काम करायला सूट मिळाली. अट एकच, शाळेचं नुकसान होता कामा नये. २०१७ च्या नियमांनी ही अट नीट उलगडून सांगितली. ज्या जिल्ह्यात शूटिंग असेल तिथल्या जिल्हाधिकाऱ्यांची निर्मात्याने आधी परवानगी घ्यायची. मुलाला दिवसात पाच तासांपेक्षा जास्त आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त काम द्यायचं नाही. सलग २७ दिवसांपेक्षा जास्त काम नाही. शूटिंगच्या काळात अभ्यासाची सोय निर्मात्याने करायची. दर पाच मुलांमागे किमान एक जबाबदार माणूस ठेवायचा. मुलाच्या मनाविरुद्ध काम घ्यायचं नाही. आणि मुलाच्या कमाईतले किमान २० टक्के थेट राष्ट्रीयीकृत बँकेत त्याच्या नावाने मुदत ठेवीत टाकायचे. ही रक्कम तो सज्ञान झाल्यावर त्याला मिळते.

माझा विद्यार्थी यंदा अठरा वर्षांचा झाला. कायद्याप्रमाणे त्याची ठेव यंदा त्याच्या हातात पडायला हवी होती. रक्कम लहान असती, पण गॅरेजमधल्या पोराला स्वतःची हत्यारं घ्यायला उपयोगी पडली असती. त्याच्या नावावर कुठल्याही बँकेत एक रुपयाही नाही. परवानगीचा कागद आम्ही मागितला नाही. अभ्यासाची सोय काय, हे विचारलं नाही. उलट मी त्याला हजेरीपटावर ‘हजर’ दाखवून निर्मात्याचं काम सोपं केलं. कागदोपत्री त्या मुलाची शाळा एक दिवसही बुडालेली नाही. म्हणजे कायदा मोडल्याचा पुरावा मीच पुसला.

कायद्यातही भोक आहे. हे नियम चौदा वर्षांखालच्या मुलांसाठी. पंधरा वर्षांचा मुलगा नायक झाला तर त्याच्या २० टक्क्यांची काळजी कुणी घ्यायची? दहावीचं वर्ष तर तेव्हाच असतं.

आपल्या समाजाचे दोन आवाज

आता थोडं आपल्या घरातलं बोलू. मुस्लिम मोहल्ल्यातला मुलगा सिनेमात गेला की आपल्याकडे दोन आवाज उठतात. पहिला म्हणतो, ‘हे काम आपलं नाही, बरं झालं सुटलं.’ दुसरा शाल, नारळ आणि फ्लेक्स घेऊन येतो. माझ्या विद्यार्थ्याच्या वाट्याला दोन्ही आले. शूटिंग सुरू असताना गल्लीत त्याचा सत्कार झाला. शाळा सुटली तेव्हा तेच लोक म्हणाले, ‘नाच-गाण्याच्या नादाला लागला, आणखी काय होणार?’

पहिल्या आवाजाला माझं एवढंच सांगणं आहे. शाहीर अमर शेख बार्शीचे. त्यांच्या आवाजावर संयुक्त महाराष्ट्राच्या सभा उभ्या राहिल्या. दलवाई, शेख, सय्यद अशा आडनावांशिवाय मराठी कलेचा आणि साहित्याचा इतिहास लिहिता येत नाही. कला सोडा म्हणून मुलाला वाचवता येत नाही. ज्या घरात मुलाला कामाला पाठवल्याशिवाय चूल पेटत नाही, तिथे कॅमेरा नसला तर हॉटेल असतं, गॅरेज असतं, लूम असतो. मग तिथे आपण आवाज का उठवत नाही? मजुराची मजुरी वेळेवर देण्याची पैगंबरांची शिकवण आपण जुम्म्याच्या खुतब्यात ऐकतो. लहान मुलाची मजुरी बुडाली तेव्हा मोहल्ल्यातून एकही माणूस विचारायला गेला नाही.

दुसऱ्या आवाजाला, म्हणजे शाल-नारळवाल्यांना, माझा प्रश्न जास्त कडक आहे. सत्कारावर जेवढा खर्च केला तेवढ्यात त्या मुलाची वर्षभराची शिकवणी झाली असती. फोटो काढून झाल्यावर तुम्ही कुठे गेलात? सत्कार करणाऱ्याने मुलगा दहावी होईपर्यंत त्याची जबाबदारी घ्यावी. ते जमत नसेल तर सत्कार करू नये.

काय करता येईल

तक्रार करून थांबायचं नसेल तर काही गोष्टी आजपासून करता येतील. शूटिंगसाठी रजा मागायला कुणी आलं तर मुख्याध्यापकांनी पहिल्यांदा जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीची प्रत मागावी. प्रत नसेल तर रजा नाही. गैरहजर मुलाला गैरहजरच दाखवावं. शाळेच्या नावापेक्षा मुलाच्या हजेरीची नोंद खरी असणं महत्त्वाचं. ठेवीच्या पावतीची प्रत मुलाच्या दाखल्यासोबत ठेवावी. बुडालेला अभ्यास भरून काढायची सोय निर्मात्याच्या खर्चाने झाली का, हे वर्गशिक्षकाने लेखी नोंदवावं. पालकांकडून सही घेतलेला कागद त्यांच्या भाषेत त्यांना वाचून दाखवावा. उर्दू शाळेत तर हे काम शिक्षकाचंच आहे, दुसरं कोण करणार?

आणि सोलापूर जिल्हा प्रशासनाकडे एक जाहीर मागणी. ज्या जिल्ह्याने तीन-चार वर्षांत ‘फँड्री’, ‘एलिझाबेथ एकादशी’ आणि ‘सैराट’ दिले, त्या जिल्ह्यात मुलांना शूटिंगसाठी नेण्याच्या किती परवानग्या आजवर दिल्या आणि किती ठेवींची तपासणी केली, हे लोकांना सांगावं. पुरस्कारांच्या वेळी अभिनंदनाचे फलक लागतात. हे आकडेही तसेच लावावेत.

एवढं लिहून मी सुटलो, असं मला वाटत नाही. गेल्या वर्षी माझ्या पाचवीच्या वर्गात पुन्हा एक आवाज काढणारा मुलगा आला. आणि शहरात पुन्हा एक युनिट आलं. या वेळी मी परवानगीचा कागद मागितला. ते म्हणाले, नंतर आणून देतो. मी म्हणालो, मग मुलालाही नंतरच पाठवतो. जाताना त्यातला एकजण म्हणाला, ‘सर, तुम्ही पोराचं करिअर बिघडवताय.’ मला ते लागलं नाही. लागलं ते संध्याकाळी. मुलाची आई शाळेच्या दारात उभी होती. विडीच्या पानांचा वास येत होता तिच्या ओढणीला. म्हणाली, ‘सर, चार पैसे आते होते ना घर में. आप क्यूं मना करे?’

तिला नियम सांगून उपयोग नव्हता. तिच्या घरातलं गणित मला माहीत आहे. मी म्हणालो, ‘आपा, कागज लेके आए, तो मैं खुद छोडने आऊंगा शूटिंग पे. रोज शाम को वापस भी मैं लाऊंगा.’ ती काही बोलली नाही. मी बरोबर केलं की चूक, हे मला त्या मुलाच्या दहावीनंतर कळेल. तोपर्यंत तो रोज वर्गात येतो आहे. मधल्या सुट्टीत आवाज काढतो, आणि मी ते ऐकायला बाहेर जाऊन उभा राहतो.